आज चाव्या बोलल्या का?

४ मार्च

प्रिय बटण,

शनिवारची दुपार आठवते? तुरुंगाच्या क्वार्टरच्या मागच्या पायरीवर आपण दोघी, आणि मध्ये पसरलेला अण्णांचा कोट. फट असलेली ती पितळी पट्टी बटणामागे सरकवायची, म्हणजे पॉलिश कापडाला लागत नाही. कोटाची आठ बटणं माझी, टोपीवरचा बिल्ला तुझा. तू बिल्ल्यात स्वतःचं नाक बघत बसायचीस. एकदा माझ्या वाट्याला आठ आणि तुझ्या वाट्याला एकही बटण नाही म्हणून त्यातलं एक उपटून तू तोंडात धरलंस. आईने पाठीत धपाटा घातला तेव्हा ते बाहेर पडलं. अण्णा पोट धरून हसले आणि त्या दिवसापासून तुला बटण म्हणायला लागले. गंमत बघ. वर्षानुवर्षं पॉलिश मी केलं आणि बटण तू झालीस.

तू पाठवलेलं वर्तमानपत्राचं कात्रण मिळालं. सोबत चार ओळी तरी लिहायच्या होत्यास. ‘ताई, बघ गं, मी पेपरात!’ एवढंच? तुझं अक्षर शाळेतल्या सिस्टरनी पाहिलं असतं तर पुन्हा दोन पानं काढायला लावली असती.

तुरुंग बंद होऊन बारा वर्षं झाली. आता तिथल्या आठवणी जपायचं कोणी मनावर घेतलंय, हे वाचून बरं वाटलं. स्वयंपाक करणारे, पहारेकरी, कैदी, सगळ्यांच्या तोंडून ऐकून साठवणार, आणि ज्या खोलीची आठवण त्या खोलीत तो आवाज ऐकवणार, ही कल्पना छानच. फक्त पुढचं वाचताना मी चष्मा पुसून पुन्हा वाचलं. ‘मोठ्या दरवाजाजवळच्या पहिल्याच खोलीत पहारेकऱ्याची मुलगी सांगते, की पहाटेच्या फेरीला चाव्यांचा आवाज होऊन आजारी कैदी दचकू नयेत म्हणून तिने वडिलांना चाव्यांसाठी कापडी पिशवी शिवून दिली होती.’

तिने म्हणजे कोणी गं?

अण्णांची मुलगी मी. तू त्यांच्या बहिणीची. आत्या गेली तेव्हा तू सहा वर्षांची होतीस आणि अण्णा तुला उचलून घरी घेऊन आले. तुला कधी परकं मानलं नाही, हे तू चारचौघांत सांगतेसच. पण म्हणून पेपरात मुलगी? आणि ती पिशवी मी शिवली होती, बटण. तू विसरली असशील. इतक्या वर्षांनी होतं असं. त्यांना सांगून दुरुस्त करून घे, म्हणजे झालं.

माझा घसा अजून बसलेलाच आहे. फोन करू नकोस, पत्रच लिही.

तुझी,
ताई


११ मार्च

ताई,

तुझं पत्र पोस्टमनने दिलं तेव्हा त्याला म्हटलं, ‘जपून धर, आत टाचण्या आहेत.’

आधी पेपराचं सांगते. ‘मुलगी’ मी म्हटलेलं नाही. जी पोरगी आवाज टिपायला येते, तिला मी माइकवाली म्हणते, तिने नियम केलाय की कोणाचंही नाव द्यायचं नाही. इथे कैद्यांची नातवंडं राहतात, शिपायांचीही राहतात, एकाच शाळेत जातात. उगाच कशाला? म्हणून प्रत्येक आवाजाला नुसतं नातं नाहीतर धंदा लावायचा. भटारखान्याचा मुकादम. धोब्याची सून. मी तिला सांगितलं, ‘मी भाची.’ तिने विचारलं, ‘लहानाच्या मोठ्या कोणाच्या घरी झालात?’ मी म्हटलं, मामाच्या. ‘शेवटी त्यांच्याजवळ कोण होतं?’ मी म्हटलं, मीच. मग तिनेच लिहून टाकलं, मुलगी. मी खोडलं नाही. खोडायला हवं होतं का? तूच सांग.

तुला तिने तीन पत्रं लिहिली होती. यायचं भाडंही देणार होती. तू उत्तर दिलंस, ‘प्रकृती ठीक नाही.’ मग मी बोलले.

एकदा येऊन बघ मात्र. जुन्या भटारखान्यात तिने आवाज टिपायची खोली केलीय. भिंतींना जाड घोंगड्या लावल्यात, तरी अजून करपलेल्या तव्याचा वास येतो. एक खुर्ची, एक टेबल, पाण्याचा तांब्या. माइकवाली समोर बसून नुसती मान हलवते, हूं की चूं करत नाही. आपण थांबलो की तीही थांबते. त्या थांबण्यातच माणूस भलभलतं बोलून जातो बघ. मी पहिल्या दिवशी अर्धा तास नुसती दिंडीबद्दल बोलले. मोठ्या दरवाजातलं ते लहान दार, मामा वाकून बाहेर यायचा, आधी टोपी दिसायची आणि मग मामा. सांगता सांगता रडलेच. तिने ते रडणंही ठेवलंय.

पिशवीचं मात्र मी विसरलेले नाही. तपकिरी होती, फाटक्या घोंगडीच्या तुकड्याची. नऊ वर्षांची होते मी. मामा जेवताना आईला, म्हणजे मामीला, म्हणाला होता, ‘पहाटे चाव्या वाजल्या की दवाखान्याच्या बराकीत सगळे उठून बसतात. वाटतं, कोणाला तरी न्यायला आले. चाव्यांना कुंची पाहिजे.’ ते ऐकून मी आठ दिवस लपूनछपून शिवली. बोटाला टोचलेली सुईही आठवते. तू शिवली असशील दुसरं काही. तुला सिस्टर सारख्या रुमालच करायला लावायच्या.

रागावू नकोस. घशाला गरम पाणी घे. भांडताना तरी तुझा आवाज चांगला लागतो असं पत्रावरून वाटतं.

तुझी,
बटण


१८ मार्च

बटण,

तुझ्या विनोदांना मी लहानपणापासून हसत आले. आज नाही हसणार.

पिशवी निळी होती. निळं फ्लॅनेल. शिवणाच्या तासाला उरलेला तुकडा मी सिस्टरकडे मागून घेतला होता, आणि त्या म्हणाल्या होत्या, ‘देवाच्या कामाला लागणार असेल तरच.’ मी म्हटलं होतं, ‘आजारी माणसांसाठी आहे.’ कडेला काजाचा टाका घातला होता. तोंडाला नाडी. अण्णांना दिली तेव्हा त्यांनी ती कानाशी धरून हलवली, आत चाव्या नसतानाही, आणि म्हणाले, ‘कुणाला सांगू नकोस हं.’ मी आजवर सांगितलं नाही. नवऱ्यालाही नाही. बारा वर्षांची होते, आता सदुसष्टाची आहे. पंचावन्न वर्षं एक गोष्ट जपली आणि ती तू माइकसमोर बसून तुझी म्हणून सांगितलीस.

माइकवालीने मला तुझं सगळं बोलणं लिहून पाठवलंय, मीच मागवलं. त्यात आणखी एक सापडलं. संध्याकाळी अण्णा घरी आले की टेबलावर पिशवी ठेवून विचारायचे, ‘आज चाव्या बोलल्या का?’ आणि तू म्हणायचीस, ‘नाही.’

बटण, तो प्रश्न माझा होता. दार उघडायच्या पाळ्या आठवतात ना? सम तारखा माझ्या, विषम तुझ्या. एकतीस तारीख तुझी आणि लगेच पहिली तारीखही तुझी, असे वर्षाला सात दिवस तुला जास्त मिळायचे. मी आईपाशी रडले होते, तर ती म्हणाली, ‘तिला आई नाही.’ मी गप्प बसले. तेव्हापासून गप्पच बसत आले. पण सम तारखेला दार उघडलं की अण्णा टोपी माझ्या हातात द्यायचे, पिशवी टेबलावर ठेवायचे आणि हळूच विचारायचे. फक्त मला. मी म्हणायची, नाही. मग पिशवी कोटाच्या आतल्या खिशात जायची. ड्यूटीच्या वस्तूला आपण हात लावायचा नाही हे ठरलेलंच होतं.

तू ते कुठून तरी चोरून ऐकलंस आणि इतक्या वर्षांत तुला ते तुझंच वाटायला लागलं. मी अण्णांना ‘अहो’ म्हणायची. तू ‘अरे मामा’ म्हणून त्यांच्या खांद्यावर चढायचीस. तेवढं पुरलं नाही तुला?

मी माइकवालीच्या वरिष्ठांना पत्र लिहिलंय. तुला अंधारात ठेवायचं नाही म्हणून त्यातली ओळ देते: ‘सदर बाई मुख्य पहारेकऱ्यांच्या कन्या नसून भाची आहेत, व पिशवीसंबंधी त्यांचे कथन खरे नाही.’

ताई


२९ मार्च

ताई,

काल माइकवाली घरी आली होती. चहा घेतला नाही. खुर्चीच्या टोकावर बसली आणि म्हणाली, ‘मावशी, वरून आलंय. चौकशी होईपर्यंत तुमचा आवाज त्या खोलीतून काढावा लागेल.’ तिचेच डोळे भरले होते, मग मलाच तिची समजूत काढावी लागली. आता पहिल्या खोलीत दरवाजाच्या बिजागरीचा आवाज ऐकवणार आहेत. तुझं अभिनंदन. बिजागरी कोणाची मुलगी म्हणवून घेणार नाही.

मी खोटं बोललेली नाही. पण ते राहू दे.

तू सात दिवसांचं गाऱ्हाणं सांगितलंस, तर मीही एक सांगते. सांगायचं नव्हतं. वीस वर्षं सांगितलं नाही, आणि ते काही चांगुलपणापायी नव्हे. मामा गेला त्याआधीचे अकरा दिवस तो मला ओळखत नव्हता. मी पाणी पाजायला गेले की म्हणायचा, ‘ताई, आलीस?’ मी म्हणायचे, ‘आले.’ पाठ चोळली की म्हणायचा, ‘ताईचा हात हलका आहे.’ हात माझा होता. त्या दिवसांत घरातून हलले नाही ती मी. लग्नही त्याच घरातून झालं आणि नवरा गेल्यावर त्याच घरी परत आले. तरी तो हाक तुला मारायचा, आणि मी अकरा दिवस तुझ्या नावाने ओ देत होते.

तू तेराव्या दिवशी पोचलीस. तुझ्या गळ्यात पडून रडताना मी मनात म्हणत होते, हिला हे कधीही कळू द्यायचं नाही. एवढं एक तरी माझ्याकडे राहू दे.

घे. तेही घे आता.

बटण


१० मे

आदरणीय दोन्ही मावशींना,

एकच पत्र दोघींना पाठवते आहे, कारण कोणाला आधी लिहायचं ते मला ठरवता येईना. गेले सहा आठवडे तुम्ही दोघींनीही माझ्या पत्रांना उत्तर दिलेलं नाही. दोघी आठवणींच्या पक्क्या आणि दोघी खरं बोलणाऱ्या, हे मला तुमच्याशी झालेल्या बोलण्यावरून आणि पत्रांवरून कळत होतं, म्हणून मी शोधत राहिले. तुरुंगाच्या शिवणखात्यात काम केलेले एक कैदी अजून हयात आहेत. सुटल्यावर त्यांनी बाजारात शिंप्याचं दुकान टाकलं. आता दुकान मुलगा बघतो. वय चौऱ्याऐंशी. नियमाप्रमाणे त्यांच्या आवाजाला मी ‘शिंपी’ एवढंच लावलं आहे. मी पिशवीबद्दल काही विचारलंही नव्हतं. ‘पहारेकरी कसे होते?’ एवढंच विचारलं. ते बोलले तसंच इथे उतरवते.

‘बाकीच्यांचं जाऊ दे. मोठे साहेब म्हणशील तर माणूस होता. एकदा दुपारी शिवणखात्यात आले, इकडे तिकडे बघितलं आणि शर्टाच्या आतून दोन पिशव्या काढल्या. एक निळी, एक तपकिरी. एवढ्या एवढ्याशा. मला म्हणाले, “यात चाव्यांचा जुडगा मावेल का रे?” मी म्हटलं, “साहेब, यात सुपारीसुद्धा मुश्किलीने मावेल.” हसले. म्हणाले, “दोन पोरींनी दिल्यात. हिने दिलेली तिला माहीत नाही, तिने दिलेली हिला माहीत नाही. एक वापरली तर दुसरीचं तोंड उतरेल. नवी शिवली तर दोघींचं.” मग मी काय केलं, दोन्ही उसवल्या. निळ्याचा एक पदर, तपकिरीचा एक पदर, मध्ये पोत्याचं अस्तर. झाली एक पिशवी. टाके पोरींचे होते तेवढे कडेचे मी राहू दिले. निळीचे टाके मोठे मोठे होते. तपकिरीवर रक्ताचा ठिपका होता, तो काही गेला नाही.

‘साहेब म्हणाले, “आता घरी कसं करू?” मी म्हटलं, “उलटसुलट करा की. जी समोर असेल तिची बाजू वर.” ते म्हणाले, “बरोबर. दार उघडायला त्या तारखेप्रमाणे येतात.” मग रोज सुट्टीच्या वेळी माझ्या खिडकीशी थांबून विचारायचे, “आज तारीख काय रे?” कैद्याइतकी तारीख कोणाला पाठ असते? मी सांगायचो. ते पिशवी फिरवून खिशात घालायचे. चारदोन वर्षं नाही, मी सुटेपर्यंत.

‘आणि पहाटेचं म्हणशील, तर ती पिशवी आल्यापासून आम्हाला कळायचंच नाही ते कधी येऊन गेले. साखरझोपेत असायचो. तुला नाही कळणार त्याची किंमत.

‘निवृत्त झाले त्या आठवड्यात दुकानात आले आणि पिशवी माझ्या गल्ल्यावर ठेवली. मी म्हटलं, “पोरींना द्या.” म्हणाले, “कुठल्या पोरीला?” मी म्हटलं, “मग सांगून टाका खरं.” तर म्हणाले, “एकेकीला वाटतं तिची एकटीची आहे. आता कशाला मोडू?”’

पिशवी त्यांच्याकडे पत्र्याच्या डब्यात होती. त्यांनी ती संग्रहाला दिली आहे. मोठी मावशी, तुमची पिशवी निळी होती. धाकटी मावशी, तुमची तपकिरी होती. मी दोन्ही बाजूंचे फोटो काढून सोबत ठेवले आहेत. धाकट्या मावशींचा आवाज पहिल्या खोलीत परत लावायचा का, आणि त्याला काय लावायचं, हे आता मी ठरवणार नाही. तुम्ही दोघी सांगाल ते करीन.

तुमची नम्र,
माइकवाली
(धाकट्या मावशींनी हेच नाव पाडलं आहे, आता सगळे तसंच म्हणतात.)


१३ मे

ताई,

फोटोवर विश्वास बसेना, म्हणून जाऊन बघून आले. माइकवालीने पांढरे हातमोजे घालायला लावले. मी म्हटलं, ‘अगं, माझं रक्त आहे त्यावर.’ ती म्हणाली, ‘तरी घाला.’

निळी आहे, ताई. तुझी बाजू निळी आहे आणि टाके इतके मोठे आहेत की त्यातून मांजर जाईल. सिस्टरनी तुला काजाच्या टाक्याचे गुण कसे दिले देव जाणे.

मी तिथेच स्टुलावर बसून राहिले. आठ वर्षं एकाच घरात, एकाच टेबलावर ती पिशवी रोज येत होती आणि आपल्याला दुसरी बाजू दिसली नाही? मग आठवलं. तुझ्या तारखांना मी न्हाणीघरात जाऊन नळ मोठा सोडून बसायचे. तुमचं बोलणं ऐकू येऊ नये म्हणून. मामी ओरडायची, ‘पाणी वाया घालवतेस!’ आणि मी पाय धूत राहायचे. तू माझ्या तारखांना काय करायचीस?

तो मला ताई म्हणायचा ते मी तुला तोंडावर फेकलं. फेकायला नको होतं. पण परत घेत नाही. ते खरं आहे आणि तुझं आहे.

चूक मामाचीही आहे म्हणा. दोघींना एकत्र बसवून सांगितलं असतं तर दोन दिवस रुसलो असतो, तिसऱ्या दिवशी संपलं असतं. त्याला आपलं रुसणं बघवायचं नाही, म्हणून पंचावन्न वर्षांचं करून ठेवलं.

ये ना. नाहीतर मी येते.

बटण


२६ मे

प्रिय बटण,

तुझ्या तारखांना मी मागच्या खोलीत भिंतीकडे तोंड करून पाढे म्हणायची. मोठ्याने. तेराचा पाढा मला इतका पक्का का आहे, ते आता तुला कळलं असेल.

तू विषम तारखेलाच पत्र लिहितेस, तुझ्या लक्षात आलंय? आणि मी सम. आपण कोणी ठरवलं नव्हतं.

घशाचं मी तुला नीट सांगितलं नाही. बसलेला घसा नव्हे, गाठ आहे. जानेवारीतच कळलं. परवा, अठ्ठावीस तारखेला शस्त्रक्रिया आहे. तारीख मी मागून घेतली, सत्तावीस देत होते. जीवाची भीती नाही असं डॉक्टर म्हणतात, पण आवाज जाईल. म्हणून मी माइकवालीकडे आले नाही. असल्या घोगऱ्या आवाजात अण्णांबद्दल बोलायची लाज वाटली. आणि मग पेपरात वाचलं की त्या खोलीत तुझा आवाज कायमचा राहणार. माझा तर आता घरातही राहणार नव्हता. त्या वेळी मी तुला पाण्यात पाहिलं, बटण. वरिष्ठांना पाठवलेलं ते पत्र मी सहीसकट तीनदा लिहून काढलं होतं, चांगल्या अक्षरात.

परवा माइकवाली इथे येऊन गेली. दिवसभराचा प्रवास करून, पाठीवर यंत्र घेऊन. तिने माझ्या कपाटातल्या रजया काढून खिडक्यांना लावल्या. दोन तास बोलले. मध्ये मध्ये गरम पाणी प्यावं लागलं, तो घोटाचा आवाजही तिने ठेवलाय. सुरुवातीला तिने विचारलं, ‘तुमच्या आवाजाला काय लावू?’ मी म्हटलं, ‘पहारेकऱ्याच्या मुलींपैकी थोरली.’ तुझ्या आवाजाला ‘धाकटी’ लावायला सांगितलंय. वरिष्ठांनाही लिहिलं, की माझं मागचं म्हणणं चुकीचं होतं. ते पत्र एकदाच लिहिलं.

शेवटी मी तिला बाहेर जाऊन दार वाजवायला सांगितलं. उठून दार उघडलं. तिने विचारलं, ‘आज चाव्या बोलल्या का?’ मी म्हटलं, ‘नाही.’ तेवढं एकच वाक्य ठेव म्हटलं मोठ्या दरवाजाच्या खोलीत. तूही तिच्याकडे जाऊन तुझं ‘नाही’ देऊन ये. तुझं ऐकून मला हेवा वाटणारच आहे, तुझा आवाज अजून खणखणीत आहे. तरी दे.

तू येणार असशील तर जूनच्या पहिल्या आठवड्यात ये. मी बोलणार नाही, तू बोल. तुला तेवढंच हवं असतं.

येण्याआधी कोणाला काय द्यायचं ते लिहून ठेवते, कारण नंतर मला तुझ्याशी वाद घालता येणार नाही.

बटणांच्या पॉलिशची पितळी पट्टी माझ्या शिवणाच्या डब्यात आहे. ती तुला. बटणं मी घासली, पट्टी तू सांभाळ.

माझी शाळेतली शिवणवही माइकवालीला. त्यात निळ्या फ्लॅनेलचा नमुना टाचलेला आहे आणि खाली सिस्टरच्या लाल शाईत शेरा आहे, ‘टाके फार मोठे’. ती वही पिशवीशेजारी ठेवायला हरकत नाही. तू हसशील म्हणून सांगणार नव्हते.

निवृत्तीच्या दिवशीचा अण्णांचा दिंडीसमोरचा फोटो शिंप्याला. चौकट बदलून दे, काच तडकली आहे. त्यांना सांग, थोरलीने पाठवलाय, आणि तारीख सांगितल्याबद्दल आभार मानलेत.

अण्णांची शिट्टी तुझ्याकडे आहे. मागणार होते. नाही मागत.

आपली ही पत्रं माझी आणि तुझी एकत्र, तारखेप्रमाणे लावून माइकवालीला दे. अठरा मार्चचं गाळू नकोस.

त्या अकरा दिवसांतली हाक मी घेतली. तो हलका हात तुझाच राहू दे. आणि त्या अकरा दिवसांत मी तिथे नव्हते आणि तू होतीस, याचा हेवा मी कोणालाही देत नाही. तो माझ्याकडेच राहील.

पिशवी काचेत ठेवायची. सम तारखेला निळी बाजू वर, विषम तारखेला तपकिरी. रोज सकाळी दिंडी उघडणाऱ्याने फिरवावी, तसं त्याला लिहून द्यावं.

एकतीस तारखेला मात्र निळीच.

तुझी,
ताई